वडिलांच्या हातची नळी

सकाळचा पहिला भात आणि चहा देवघरातल्या पितरांपुढे ठेवून हिसानोने घंटी वाजवली, उदबत्ती लावली आणि डोळे मिटून बसली. वडील जाऊन सहा वर्षं झाली होती. या सहा वर्षांत अंगात ताप असो की बर्फाने दार अर्धं गाडलेलं असो, हा नेम तिने एकदाही मोडला नव्हता. आधी त्यांचा घास, मग आपला.

आज भाताच्या वाटीशेजारी तांब्याच्या नळीचा चार बोटांचा तुकडा होता. काल दुपारी तोवाकाकूंच्या घरी कापलेला. त्या घरातली रॉकेलची नळी एकतीस वर्षांपूर्वी हिसानोच्या वडिलांनी, इवाओंनी टाकली होती. बाहेरच्या टाकीपासून भिंतीतून आत, मग जमिनीलगत वळत वळत थेट स्टोव्हपर्यंत. स्टोव्हजवळची तोटी पाझरायला लागली म्हणून काकूंनी तिला बोलावलं होतं. हिसानोने टाकी बंद केली, नळीचं टोक कापलं, त्याची कड बाहेर उमलवून नवं तोंड काढलं आणि नवी तोटी बसवली. कापलेला तुकडा मात्र तिला टाकवेना. त्याच्या एका बाजूला वडिलांच्या हातचं तोंड होतं, सगळीकडून सारखं उमललेलं, जणू तांब्याचं फूलच. ती तो खिशात घालून घरी घेऊन आली.

दुसरी बाजू नुसती कापलेली होती. ती तिच्या डोळ्यांना खुपत होती. तिला वाटलं, इकडूनही तोंड काढलं तर तुकडा देवघरात नीट उभा राहील. खाली वडिलांच्या हातचं, वर आपल्या हातचं.

न्याहारी आटोपून ती घरालगतच्या कारखान्यात गेली. कारखाना म्हणजे पत्र्याची एक खोली. बाहेर वारा बर्फ उडवत होता, खिडकीतून समोरचा विजेचा खांबही दिसत नव्हता. अशा हवेत कामाला कुणी बोलावत नाही, म्हणून तिला सवड होती. तिने नळी साच्यात धरली, कड घासून घेतली, नळीत घुसवायच्या लोखंडी शंकूला तेलाचं बोट लावलं आणि दांडी फिरवू लागली. हे काम ती झोपेतही करू शकली असती. तांब्याचं तोंड असं हळूहळू बाहेर उमलवायचं, मग नट चढवून ते पितळी तोटीच्या उतरत्या कडेवर आवळायचं. तांबं पितळेला असं बिलगतं की मधून थेंब सुटत नाही. ना डिंक लागतो, ना रबर.

अर्ध्यावर आल्यावर बारीकसा आवाज झाला. वाळकी काडी मोडावी तेवढाच.

तिने साचा सोडला आणि तुकडा खिडकीच्या उजेडात धरला. उमललेल्या तोंडाच्या कडेपासून आत, केसाएवढी एक चीर गेली होती.

चिरा जातात कधी कधी. तिने तसं स्वतःशी म्हटलंही. पण तुकडा तिने खाली ठेवला नाही, कारण हातातलं टोक आणि काल तोवाकाकूंच्या घरी राहिलेलं टोक ही एकाच कापाची दोन अंगं होती. ज्या तांब्याने आता दगा दिला त्याच तांब्याचं तोंड काल तिने काढलं होतं.

आणि तिला हे माहीत होतं. सगळ्यात वाईट हेच होतं. जुनं तांबं वर्षानुवर्षं स्टोव्हच्या घरघरीने थरथरून आतून कडक होतं, ते पुन्हा उमलवायचं नाही, सगळी नळी काढून नवी टाकायची, हे तिला तिच्या वडिलांनीच शिकवलं होतं. दुसऱ्या कुणाच्याही घरी तिने तेच केलं असतं. पण काल तोवाकाकू म्हणाल्या होत्या की इवाओची नळी राहू दे गं, माझ्या नवऱ्यापेक्षा जास्त टिकली ती. आणि हिसानोच्या मनातही तेच होतं. गावात वडिलांच्या हातचं काम आता तीन-चार घरांतच उरलं होतं. आपल्याच हाताने ते कसं उपटायचं? म्हणून तिने चारच बोटं कापली. वरून नट आवळून झाल्यावर, बोट फिरवून कोरडं आहे हे पाहिल्यावरही, तिने पाना पुन्हा लावला आणि माया म्हणून आणखी पाव फेरा दिला. तो पाव फेरा आता तिला मनगटात जाणवत होता. कडक तांब्यावर तो पाव फेरा म्हणजे चीर, हे तिला कुणी सांगायची गरज नव्हती.

तिला निघतानाचं बोलणं आठवलं. दारात बूट चढवता चढवता ती सवयीने म्हणाली होती की रॉकेलचा वास आला तर लगेच फोन करा. त्यावर काकू हसल्या होत्या. दोन वर्षांपूर्वीच्या आजारपणात त्यांना वास यायचा बंद झाला, तो परत आलाच नव्हता. नाक निवृत्त झालं माझं, म्हणाल्या, आता मासा नासलाय की नाही ते मांजराला विचारते. हिसानोही हसली होती. हसून गाडीत बसली होती.

तिने फोन लावला. दहा वेळा वाजला, कुणी उचलला नाही. पुन्हा लावला. तिसऱ्यांदाही तेच. काकू एक्क्याऐंशी वर्षांच्या, एकट्या. अशा वादळात त्या कुठे जाणार होत्या?

मग तिने अग्निशमन केंद्राला कळवलं. तिथल्या माणसाने सगळं शांतपणे लिहून घेतलं आणि सांगितलं की गाडी घाटापलीकडे अडकलेल्या बससाठी गेली आहे, सुटली की पाठवतो, पण तासाभराच्या आत होईलसं वाटत नाही. तुम्ही एकट्या जाऊ नका, असंही तो म्हणाला. हिसानो बरं म्हणाली आणि तिने नागुमोंना फोन लावला.

नागुमो गाई पाळायचे. त्यांच्याकडे ट्रॅक्टरला जोडायचं बर्फ उडवायचं यंत्र होतं, आणि जिभेला हाड नव्हतं. एरवी ते हिसानोला नळराणी म्हणायचे, गावातले सगळे पुरुष तिच्या पान्याला भिऊन सरळ चालतात असं सांगत सुटायचे. आजही त्यांनी तशीच सुरुवात केली, की काय नळराणी, एवढ्या वादळात माझी आठवण. पण तिने दोन वाक्यांत काय ते सांगितलं. मग ते एवढंच म्हणाले, "वरच्या फाट्यावर ये. मी पुढे बर्फ उडवतो, तू माझा लाल दिवा सोडू नकोस."

फाट्यापासून तोवाकाकूंचं घर अडीच किलोमीटर. त्या रस्त्याला हिसानोला पाऊण तास लागला. पुढे नागुमोंच्या ट्रॅक्टरचा लाल दिवा कधी दिसायचा, कधी पांढऱ्यात विरून जायचा. विरला की ती गाडी थांबवून तो पुन्हा दिसेपर्यंत थांबायची, आणि थांबलेल्या त्या क्षणांत तिच्या डोळ्यांपुढे काकूंची खोली यायची. स्टोव्ह जुन्या धाटणीचा, धुराड्याचा, वर लोखंडी तवा, तव्यावर दिवसभर किटली. खाली जाड गालिचा. टाकी बाहेर उंचावर, भरलेली, म्हणजे चीर केवढीही असो, रॉकेल आपल्या वजनाने येतच राहणार. गालिचा ते वातीसारखं ओढून घेणार आणि स्टोव्हच्या पायांपर्यंत नेणार. पलीकडच्या खोलीत देवघर. काकू रोज सकाळी तिथे मेणबत्ती लावतात. काडी ओढतात.

ती तोंडातल्या तोंडात मंत्र म्हणू लागली. रोज सकाळी म्हणायची तोच. पण मध्येच शब्द तुटायचे आणि ती पुन्हा पहिल्यापासून सुरू करायची. एकदा तिला वाटलं, आज आपण वडिलांपुढे भात ठेवला तेव्हा तिकडे गालिचा ओला होऊ लागला होता. घंटी वाजवली तेव्हाही. उदबत्ती लावली तेव्हाही.

घर दिसलं तेव्हा पहिली गोष्ट तिने पाहिली ती धुराडं. धूर होता, वारा तो आडवा ओढत होता. छप्पर जागेवर होतं. ती गाडीतून उतरली. आधी ती टाकीकडे धावली, कमरेएवढ्या बर्फातून, आणि टाकीखालची किल्ली फिरवून बंद केली. मापकाच्या काचेत कालच्यापेक्षा तेल खाली उतरलेलं होतं. एवढं स्टोव्ह एका रात्रीत जाळत नाही.

दारावर थाप न मारता तिने दार सरकवलं, आणि वास तिच्या अंगावर आला. डोळ्यांत पाणी यावं एवढा. मागून येणारे नागुमो एक पाऊल आत टाकून थांबले. त्यांच्या खिशात कायम लायटर असायचा. त्यांनी तो काढला, हाताभर लांब धरला आणि मागे वळून बर्फात फेकला.

काकू बसायच्या खोलीत होत्या. गुडघे टेकून, बाह्या वर करून, गालिचा पुसत होत्या. शेजारी बादली. हिसानोला पाहून त्यांचा चेहरा उजळला.

"बरं झालं आलीस, हिसा. अगं छपरावरचं बर्फ वितळून कुठूनतरी पाणी येतंय बघ. पुसतेय तरी संपत नाही. मघाशी तूच फोन करत होतीस होय? किती वाजवतेस. मी गुडघे धरून उठेपर्यंत बंद."

हिसानोचं लक्ष त्यांच्या बोलण्याकडे नव्हतं. ती वर पाहत होती. स्टोव्हच्या वर, छताला टांगलेल्या दोन आकड्यांवर, एक बांबू आडवा होता. सगळ्यांच्या घरी असतो तसाच, थंडीत कपडे वाळवायला. त्या बांबूवर ओळीने सात फडकी वाळत घातलेली होती. पुसून, पिळून, नीट झटकून. त्यांच्या खालून स्टोव्हचा तवा उष्णता वर सोडत होता आणि फडक्यांभोवती हवा हलताना दिसत होती.

हिसानो ओरडली नाही. ओरडली तर काकू दचकतील, उठतील, उठताना आधाराला हात वर करतील आणि बांबू धरतील. हे तिला एका क्षणात दिसलं. तिने हळू श्वास घेतला. काकूंशी ती नेहमी बोलायची तसाच आवाज काढायला तिला फार कष्ट पडले.

"काकू, फडकं तिथेच ठेवा. उठू नका. गुडघ्यांवरच माझ्याकडे या बघू."

"का गं?"

"या ना. मग सांगते."

काकूंनी तिच्या चेहऱ्याकडे पाहिलं. मग काही न विचारता, लहान मूल रांगतं तशा, त्या तिच्यापर्यंत आल्या. हिसानोने त्यांना उचलल्यासारखं करून दाराबाहेरच्या ओसरीत नेलं आणि स्वतःचा कोट त्यांच्या खांद्यांवर घातला. त्यांचे हात रॉकेलने माखलेले होते. मोजेही. बाहीही कोपरापर्यंत.

स्टोव्हची कळ तिने बंद केली. पण त्या जातीचा स्टोव्ह बंद केला तरी पोटात उरलेलं तेल जळून संपेपर्यंत पेटताच राहतो, पाच मिनिटं, कधी दहा. खिडकी उघडावी तर वारा आत घुसून फडकी खाली पाडणार. वाट पाहायची सोय नव्हती. एकेक फडकं काढायचं तर प्रत्येक वेळी बांबू हलणार.

नागुमो बूट न काढताच आत आले होते. त्यांनी बांबूकडे पाहिलं, मग तिच्याकडे. त्यांचा चेहरा पिठासारखा झाला होता.

"दोन टोकं," ते कुजबुजले. "तू तिकडे."

दोघं स्टोव्हच्या दोन बाजूंना उभे राहिले. तिला आपल्या पायांखाली गालिचा पचपचताना जाणवत होता. आकड्यातून बांबू उचलताना तो किंचित तिच्याकडे कलला, फडकी दोन बोटं सरकली, आणि मधल्या फडक्याच्या टोकाला एक थेंब जमा होऊ लागला. तिला तो मोठा होताना दिसत होता. हात सोडवता येत नव्हता. तिने बांबू आणखी वर धरला, आणि थेंब पडला.

तव्यावर चर्र झालं. पांढऱ्या धुराची एक वळी उठली, तिच्यातून हातभर निळसर ज्योत उडाली, फडक्याखाली एक वीतभर अंतरावर थांबली, आणि गेली.

दोघंही हलले नाहीत. मग नागुमोंनी मानेने खूण केली आणि ते एकेक पाऊल सरकत निघाले, पालखी नेतात तसे, ती पुढे, ते मागे. दाराशी आल्यावर बांबू आडवा बसेना. तिला वाटलं आता संपलं. पण नागुमोंनी आपलं टोक जवळजवळ छातीशी घेतलं, तिरपं केलं, आणि ते बाहेर पडले. बांबू फडक्यांसकट बर्फात गेला. नागुमो तिथेच बर्फात बसले आणि बराच वेळ उठले नाहीत. नंतर म्हणाले, आयुष्यात पहिल्यांदा कुणाची धुणी वाहिली.

बंबवाले दीड तासाने आले. त्यांनी गालिचा गुंडाळून बाहेर टाकला, जमिनीच्या फळ्यांखाली पाहिलं, खोल्या उघड्या करून वारा खेळवला. तोवर तोवाकाकू नागुमोंच्या ट्रॅक्टरच्या काचबंद खोलीत बसल्या होत्या, अंगावर हिसानोच्या गाडीतले कामाचे कपडे, हात साबणाने तीनदा धुतलेले. हिसानो त्यांच्या शेजारी चढून बसली. तिला बोलायचं होतं.

पण आधी काकूच बोलल्या. बर्फाकडे पाहत म्हणाल्या, "शेवटी इवाओची नळी फुटली म्हणायची. एकतीस वर्षं म्हणजे काय कमी झालं. त्याचा काही दोष नाही."

हे किती सोपं होतं. नुसतं हं म्हणायचं होतं. गावातही तेच पसरलं असतं, जुनी नळी होती, झिजली, फुटली, आणि वडिलांना कुणीही नावं ठेवली नसती. गेलेल्या माणसाचं जुनं काम जुनं होणारच. हिसानोने मांडीवरचे हात घट्ट धरले.

"नळी फुटली नाही, काकू. मी काढलेलं तोंड फाटलं. जुनं तांबं पुन्हा उमलवायचं नसतं, मला माहीत होतं. बाबा असते तर त्यांनी काल ती सगळी उपटून काढली असती. मला ती काढवली नाही, म्हणून मी ठेवली. आणि वर जास्त आवळली."

काकू काचेकडे पाहू लागल्या. काचेवर बर्फ चिकटत होता आणि वितळून ओघळत होता.

"मी ठेव म्हटलं होतं," त्या म्हणाल्या.

"तुम्ही म्हणालच. काम माझं आहे."

"हो," काकू म्हणाल्या. "काम तुझं आहे." त्या रागावल्या नव्हत्या, पण त्यांनी तिची समजूतही घातली नाही. हिसानोला ते बरं वाटलं.

तीन दिवस काकू नागुमोंच्या घरी राहिल्या. त्या तीन दिवसांत हिसानोने इवाओंची नळी टाकीपासून स्टोव्हपर्यंत काढली. भिंतीतून ओढताना ती दोनदा अडकली. मग तिने नवी नळी टाकली. नवं, मऊ तांबं, शंकूखाली लोण्यासारखं उमलणारं. तरी पहिलं तोंड तिने काढलं आणि फेकलं. दुसरंही फेकलं, त्यात काही खोट नव्हती. तिसरं भिंगाखाली धरून पाहिलं. नट पुरेसा आवळला आणि पाना खाली ठेवला. हात पुन्हा पान्याकडे गेला तेव्हा तिने तो मांडीखाली दाबून धरला. मग सांध्याला पांढरा पातळ कागद गुंडाळून ती दुपारभर समोर बसून राहिली. कागद कोरडा होता. तासाने कोरडा. दोन तासांनी कोरडा. तिला विश्वास बसत नव्हता. पूर्वी तिला आपल्या हाताची खात्री वाटायची. आता ती त्याच्याकडे परक्यासारखी पाहत होती.

वडिलांच्या हातचं काम असलेली उरलेली तीन घरंही तिने त्या आठवड्यात पाहिली. तिथे तिने काही पुन्हा उमलवलेलं नव्हतं. तरी एकेक सांधा नाक लावून हुंगला. घरचे हसले.

काकू घरी परतल्या त्याच्या दुसऱ्या दिवसापासून हिसानोच्या नेमात भर पडली. पितरांपुढे भात ठेवून झाला की ती गाडी काढायची आणि वरच्या वळणापर्यंत जायची, जिथून काकूंचं धुराडं दिसतं. धूर सरळ, पातळ, राखाडी दिसला की श्वास सोडायची आणि तिथूनच मागे फिरायची. धूर दिसेपर्यंतचं ते शेवटचं अर्धं मिनिट रोज तितकंच अवघड असायचं. ते कमी होईल असं तिला वाटलं होतं. कमी झालं नाही.

अकराव्या दिवशी संध्याकाळी फोन वाजला.

"हिसा, रोज सकाळी वळणावर येऊन परत जाणारी गाडी तुझीच ना?"

ती हो म्हणाली.

"बाहेरून काय पाहतेस? धूर काय, घर पेटलं तरी येतो. आत ये आणि हुंगून जा. माझं नाक नाही, तुझं आहे. आणि येताना न्याहारी करून येऊ नकोस, मी हेरिंग माशाचं लोणचं घातलंय, ते नासलंय का तेही सांग. मांजरावर माझा आता भरवसा नाही."

दुसऱ्या दिवशी ती आत गेली. गालिचा नवा होता, स्टोव्हपासून लांब सरकवलेला. काकू चुलीशी उभ्या होत्या, त्यांनी मागे वळून पाहिलं नाही. हिसानो कोट न काढताच गुडघ्यांवर बसली, खाली वाकली, गाल जवळजवळ फरशीला टेकेल एवढी, आणि सांध्याजवळ नाक नेऊन श्वास घेतला. मग कागद गुंडाळला आणि थांबली.

काकूंनी दोन वाट्यांत भात वाढला, पण चहा ओतला नाही. हिसानो कोरडा कागद सोडवून उठेपर्यंत किटली हातात धरून त्या उभ्या राहिल्या.